ॲव्हेंटसची कुठली बॅच? एकाच नावाच्या परफ्यूमचा वास वर्षागणिक का बदलतो

दरवळ

परफ्यूमच्या नादाला लागलेल्या कुणाशीही बोलत बसा, गाडी कधी ना कधी क्रीड या परफ्यूम घराण्याच्या ॲव्हेंटसवर येतेच. आणि तिथे आली की पुढचा प्रश्न ठरलेला: तुझी बॅच कुठली? वास कसा वाटला, किती टिकला, हे नंतर. आधी बॉक्सच्या बुडाशी काय छापलंय ते सांग. कोडमध्ये '११झेड०१' दिसलं की समोरच्याचा चेहराच बदलतो. '१६ए०१' असेल तर लगेच 'थोडं डिकँट करून (छोट्या कुपीत काढून) देतोस का' सुरू होतं.

ज्यांना पार्श्वभूमी नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ॲव्हेंटस २०१० साली आलं. वर, म्हणजे लावल्याबरोबर येणारे, अननस, ब्लॅककरंट, सफरचंद आणि बर्गमॉट हे लिंबूवर्गीय फळ. मध्ये बर्च, पॅचोली, गुलाब, जाई. तळाला, म्हणजे शेवटपर्यंत उरणारे, ओकमॉस, मस्क, अंबरग्रीस आणि व्हॅनिला, अशी त्याची जाहीर घडण आहे. वर रसाळ फळ आणि त्याच्याखाली जळक्या लाकडाचा धूर. ही जोडी लोकांना इतकी भावली की तिची नक्कल करणाऱ्या बाटल्यांचा एक वेगळा बाजारच उभा राहिला. पण चाहत्यांच्या लवकरच लक्षात आलं की सगळ्या बाटल्या सारख्या नाहीत. एकीत अननस पुढे, दुसरीत धूर पुढे, तिसरीत दोन्ही दबलेलं आणि स्वच्छ मस्क वर आलेला. तेव्हापासून कोडांच्या याद्या सुरू झाल्या, त्या आजही थांबलेल्या नाहीत. 'चांगल्या' कोडची सीलबंद बाटली लोक नव्या बाटलीपेक्षा कितीतरी जास्त पैसे मोजून घेतात.

फरक खरा आहे, हे मी आधीच मान्य करतो. माझा आक्षेप वेगळा आहे. तीन निरनिराळ्या गोष्टी आपण एकाच पोत्यात भरतो आणि पोत्यावर 'बॅच' असं लिहून मोकळे होतो.

पहिली गोष्ट म्हणजे कच्चा माल. झाडापानांतून, सालीतून, फुलांतून आलेलं तेल दर हंगामाला थोडं वेगळं असणारच. दुसरी, कृतीच बदलणं. कधी नियमांमुळे, कधी एखादं रसायन मिळेनासं झाल्यामुळे, कधी खर्चापायी. तिसरी, बाटलीचं वय आणि ती कुठे, कशी ठेवली होती ते. दहा वर्षं जुनी बाटली आणि गेल्या वर्षीची बाटली शेजारी ठेवून आपण जेव्हा 'जुनी बॅच भारी होती' म्हणतो, तेव्हा या तिघांपैकी नेमकं काय हुंगतोय हे आपल्याला कळायला काहीच मार्ग नसतो. तरीही आपण सगळं श्रेय त्या चार अक्षरांना देतो आणि त्यासाठी पैसे मोजतो.

घराणं स्वतः आपल्या परफ्यूमला 'मिलेसीम' म्हणतं, वाइनवाले विशिष्ट सालच्या वाइनसाठी वापरतात तो शब्द. त्यामुळे लोकांनी कोडमध्ये साल शोधायला सुरुवात केली यात त्यांची चूक नाही. मात्र बाटलीत काय बदललं हे बाहेर कुणी सांगत नाही, आणि जिथे माहिती नसते तिथे श्रद्धा तयार होते.

तुमचे अनुभव लिहा. विशेषतः या धंद्यात कुणी असेल तर जरूर लिहा.

निशिगंधा

छान धागा. वाचनखूण साठवली.

माझ्याकडे आईची एक जुनी फ्रेंच बाटली आहे, दुसऱ्या घराण्याची. लग्नात मिळालेली, तिनं जपून जपून वापरली. तेच परफ्यूम मी अलीकडे नवं घेतलं. दोन्हींचं नाव एक, बाटलीचा आकारही जवळजवळ तोच, पण वास दोन वेगळ्या बायकांचे वाटतात. जुनीत एक दमट, मातकट, जंगलासारखी खोली आहे, नवीत ती नाहीच. ही वयामुळे आलेली खोली की मुळातच होती?

बुधवारपेठी

दरवळ, तुमचा मुद्दा समजला, पण थोडा अन्याय होतोय. माझ्याकडे ॲव्हेंटसच्या सुरुवातीच्या काळातली एक बाटली आहे आणि एक अलीकडची. दोन्ही मला आवडतात आणि दोन्ही वेगळ्या आहेत, अगदी ढळढळीत. जुनीत फळाच्या मागून शेकोटीसारखा धूर येतो आणि शर्टवर दुसऱ्या दिवशीही राहतो. नवीत फळ जास्त चकचकीत आहे आणि तळाला मस्क जास्त. हे मी एकटाच म्हणत नाही. जगभरातले हजारो लोक एकमेकांना न भेटता तेच म्हणतात. सगळ्यांच्या नाकाला एकाच वेळी भास होतो का?

कोडवर श्रद्धा नको, ठीक. पण कोड हा एकच पुरावा आमच्या हातात आहे, तोही टाकून द्यायचा का?

रसशाळा

सुगंधी रसायनांच्या कारखान्यात गुणवत्ता तपासणी हे माझं काम. या विशिष्ट परफ्यूमशी कामाचा संबंध नाही, पण त्यात जे घटक सांगितले जातात त्यांतले बहुतेक रोज नाकाखालून जातात. म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

अननसापासून सुरुवात करू, कारण सगळ्यात जास्त वाद त्याच्यावर होतो. अननसाच्या फळातून परफ्यूममध्ये वापरता येईल असं तेल निघत नाही. परफ्यूममधला अननस ॲलाइल अमाइल ग्लायकोलेट, ॲलाइल सायक्लोहेक्झाइल प्रोपिओनेट अशा एस्टर प्रकारच्या रसायनांपासून रचलेला असतो. ती रिॲक्टरमध्ये बनतात आणि ठरलेल्या शुद्धतेची ड्रममधून येतात. त्यांना हंगाम नाही, पाऊस नाही, कीड नाही. तेव्हा 'त्या वर्षी अननस चांगला उतरला होता' हे शक्यच नाही.

मग अननस कमीजास्त का वाटतो? बहुतेक वेळा बदललेला असतो तो धूर. धूर कमी झाला की फळ आपोआप पुढे येतं, धूर वाढला की मागे जातं. अननस तेवढाच असतो.

आणि धूर मात्र खरोखर बदलू शकतो. बर्चची साल हवा न लागू देता तापवली की काळं, चिकट डांबर गळतं. तेच बर्च टार. साल कुठली, किती तापवली, पुढे ते किती शुद्ध केलं यावर वास ठरतो. एक लॉट स्मोकहाऊससारखा, दुसरा कातड्यासारखा, तिसरा जवळजवळ औषधी. शिवाय सालीसारखी गोष्ट अशी जाळली की पॉलिसायक्लिक ॲरोमॅटिक हायड्रोकार्बन तयार होतात, आणि त्यांतली काही कर्करोगकारक आहेत. म्हणून इफ्रा या सुगंध उद्योगाच्या आंतरराष्ट्रीय संस्थेनं कच्चं बर्च टार वापरायला मनाई केली आहे. शुद्ध केलेलं चालतं, पण तयार मालात बेन्झोपायरीन आणि बेन्झॲन्थ्रासीन मिळून अब्जात एक भागापेक्षा जास्त नको. ही मर्यादा पाळायला टार जितकं घासूनपुसून साफ कराल तितका त्याचा रांगडेपणाही निघून जातो. काही परफ्यूमर मग टार कमी करून ग्वायाकॉल, आयसोब्यूटाइल क्विनोलीन अशा रसायनांनी धूर आणि कातडं रचतात. दोन्ही वास 'धुरकट' म्हणूनच ओळखले जातात, पण शेजारी ठेवले तर सरावलेलं नाक फरक पकडतं.

बुधवारपेठी, त्यामुळे तुम्हाला फरक जाणवतो यात मला काही आश्चर्य नाही.

निशिगंधाताई, तुम्ही सांगितलेली दमट, मातकट खोली वाचून मला ओकमॉस आठवलं. ओकच्या झाडावर वाढणारी ही दगडफुलासारखी लायकेन. तिचा अर्क 'शिप्र' नावाच्या जुन्या प्रकारच्या परफ्यूमचा पायाच होता. त्यातल्या अट्रॅनॉल आणि क्लोरोअट्रॅनॉल या दोन घटकांची अनेकांना ॲलर्जी होते. म्हणून आधी अर्काच्या वापरावर तयार मालात ०.१ टक्क्याची मर्यादा आली, मग अर्कात हे दोन्ही घटक प्रत्येकी १०० पीपीएमच्या (दशलक्षात १०० भागांच्या) आत हवेत असं ठरलं, आणि पुढे युरोपीय संघानं या दोघांवर आणि लायरल या रसायनावर बंदीच घातली. २३ ऑगस्ट २०१९ नंतर असा नवा माल बाजारात आणायचा नाही आणि २३ ऑगस्ट २०२१ नंतर जुना शिल्लक मालही विकायचा नाही. १ मार्च २०२२ पासून लिलिअल हे रसायन गेलं, तेही मुगेटच्या (लिली ऑफ द व्हॅलीच्या) फुलाचा वास देणारं आणि शेकडो परफ्यूममध्ये बसलेलं. तेव्हा तुमच्या आईच्या बाटलीतली खोली मुळातली असण्याची शक्यता मोठी आहे. वयानं तिच्यात भर पडली असेल, ती वेगळी.

केतकीचं_बन

रसशाळा, दंडवत घ्या. अननसाचं वाचून थक्क झाले.

एक शंका. कच्चा माल दर हंगामाला बदलतो, तर मग मोठ्या घराण्यांचे परफ्यूम वर्षानुवर्षं सारखे कसे राहतात? शनेल नंबर ५ तर १९२१ पासून आहे.

रसशाळा

केतकीताई, ते आपोआप सारखे राहत नाहीत, त्यासाठी मुद्दाम राबावं लागतं. शनेलनं तर १९८७ पासून दक्षिण फ्रान्समधल्या ग्रासजवळच्या पेगोमासमधल्या एका शेतकरी कुटुंबाशी करार करून जाई आणि गुलाबाची शेतीच बांधून घेतली आहे. ज्यांना ते परवडत नाही ते मिश्रण करतात. फ्रेंच धंद्यात याला कोम्युनेल म्हणतात. वेगवेगळ्या शेतांची, वेगवेगळ्या वर्षांची तेलं अशा प्रमाणात मिसळायची की वास ठरलेल्या नमुन्यावर येऊन बसतो. इटलीतल्या कॅलाब्रियाच्या बर्गमॉटचंच घ्या. हंगामाच्या सुरुवातीच्या हिरव्या फळांचं तेल तिखट, हिरवट असतं आणि उशिराच्या पिवळ्या फळांचं गोलसर, गोडसर. नुसतं एक वापरलं तर परफ्यूमची सुरुवातच बदलेल. पॅचोलीचंही तसंच. इंडोनेशियात जुन्या लोखंडी भट्टीतून काढलेलं तेल लोहामुळे काळपट येतं, स्टेनलेस स्टीलच्या भट्टीतलं उजळ, आणि दोन्ही वर्षभर ठेवली तर आणखी मऊ होतात.

आता तपासणी कशी होते ते सांगतो, कारण बॅचच्या वादात हा भाग कुणाला दिसतच नाही. नवा लॉट आला की आधी यंत्रं: घनता, अपवर्तनांक, रंग, गॅस क्रोमॅटोग्राफी. त्यानंतर नाक. टेबलावर कागदाच्या दोन पट्ट्या. एक फ्रीजमध्ये ठेवलेल्या प्रमाण नमुन्यात बुडवलेली, एक नव्या लॉटमध्ये. बुडवल्याबरोबर हुंगायचं, तासाभरानं हुंगायचं, दुपारी हुंगायचं आणि पट्ट्या क्लिपला लावून दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा. चौघांपैकी एकाला जरी तळाशी काही वेगळं लागलं तरी लॉट अडतो.

पण प्रमाण नमुनाही शेवटी एक द्रवच. फ्रीजमध्येही तो जुना होतो, म्हणून ठरावीक काळानं बदलावा लागतो, आणि बदलताना अलीकडचा पास झालेला चांगला लॉट नवा नमुना होतो. प्रत्येक लॉट आपल्या नमुन्याशी इमानदारीनं जुळतो, प्रत्येक वेळी फरक नाकाला जाणवण्याच्या अलीकडचाच असतो, तरी दहा-बारा वर्षांनी पहिला आणि शेवटचा शेजारी ठेवले तर दोघांत अंतर पडलेलं असतं. कृती तीच, कुणी काही लपवलेलं नाही, कुणी काही स्वस्त केलेलं नाही. परफ्यूम सरकत सरकत दुसरीकडे गेलेला असतो.

कारखान्यात बनणारं रसायन तरी कायम मिळतं असं समजू नका. ३१ ऑक्टोबर २०१७ ला जर्मनीत लुडविग्सहाफेनला बीएएसएफच्या सिट्रल प्रकल्पात आग लागली. सिट्रलपासून आयोनोन, जिरॅनिऑल, लिनालूल अशी कितीतरी रसायनं बनतात. जगभरच्या सुगंध कंपन्यांची धावपळ झाली. जो पुरवठादार मिळेल त्याच्याकडून माल घ्यावा लागला, आणि एकाच नावाच्या रसायनातही दोन पुरवठादारांची अशुद्धी वेगळी असते. ती अशुद्धी टक्क्याच्या अंशात असली तरी नाकाला लागते.

खाडीपार

शारजाहून. इथे परफ्यूम म्हणजे रोजच्या जेवणाइतकी नेहमीची गोष्ट, त्यामुळे या वादाची इथली बाजू लिहितो.

दरवळ यांची तिसरी गोष्ट, साठवण, तिला लोक सगळ्यात कमी महत्त्व देतात आणि माझ्या मते ती सगळ्यात मोठी आहे. इथे जुलैमध्ये बंद गाडीत काय तापमान असतं विचारू नका. माल गोदामातून दुकानात, दुकानातून दुसऱ्या दुकानात, मग पुन्हा निर्यात असा फिरत असतो. प्रत्येक टप्प्यावर एसी असेलच असं नाही. एकाच कोडच्या दोन बाटल्या, एक थेट कंपनीच्या दुकानातून आलेली आणि एक चार हात फिरलेली, यांत मला जेवढा फरक जाणवला तेवढा दोन वेगवेगळ्या कोडांमध्येही कधी जाणवला नाही. दुसरीत बर्गमॉट जवळजवळ गेलेला होता आणि सुरुवातीलाच जुन्या नेलपॉलिशसारखा झटका होता.

टेस्टरवरून तर बॅचबद्दल काही ठरवूच नये. दिवसभर दिव्याखाली, अर्धी रिकामी, आत हवा भरलेली.

सेनकाठी

पॅरिसजवळ राहते, म्हणून एक माहिती जोडते. व्हर्सायला ओस्मोतेक नावाची संस्था आहे, १९९० मध्ये ज्याँ केर्लेओ यांच्या पुढाकारानं सुरू झाली. आता न मिळणारे, बदललेले परफ्यूम तिथे मूळ कृतीनुसार जपतात, काही तर मूळ परफ्यूमरांच्या कृतीवरून पुन्हा बनवलेले. ठेवतात कसे? अंधारात, १२ अंशांवर, आणि बाटलीतल्या रिकाम्या जागेत आर्गॉन वायू भरून, म्हणजे ऑक्सिजन शिरायलाच नको. तिथल्या एका सत्रात जुने शिप्र पट्टीवर हुंगायला मिळाले. इतक्या ताज्या संत्र्या-बर्गमॉटच्या सुरुवातीनंतर तळाला ओकमॉस असा हळूहळू उघडताना मी कधीच अनुभवला नव्हता. घरातल्या जुन्या बाटल्यांत सुरुवात मेलेली असते आणि आपण तिलाच 'व्हिंटेज वास' म्हणून मान देतो.

म्हणून दरवळ यांच्याशी पूर्ण सहमत. जुनी बाटली हुंगून जुना परफ्यूम कळत नाही.

भेंडीबाजार_अत्तर

दरवळ साहेब, आमचं अत्तराचं दुकान आहे, वडिलांपासून. परफ्यूमवाल्यांची ही भानगड वाचून नवल वाटलं, कारण आमच्याकडे गिऱ्हाईक आल्या आल्या स्वतःच विचारतो, 'यंदाचा गुलाब कसा आहे?' उत्तर प्रदेशातल्या हसायनचा गुलाब मार्च-एप्रिलचा, ओडिशातल्या गंजामचा केवडा पावसाळ्यातला. एका वर्षी उन्हाळा लवकर पेटला की फुलात तेल कमी आणि वास जड. केवड्यात पाऊस लांबला की वेगळीच तीक्ष्णता येते. कन्नौजचा माणूस डेग-भपक्यात, म्हणजे ऊर्ध्वपातनाच्या जुन्या भांड्यांत, माल उतरवतो तोही दर खेपेला सारखा उतरत नाही. लाकडाची आच, पाण्याचं माप, भपका किती वेळा थंड केला, सगळ्याचा फरक पडतो. आम्ही कुपी उघडून मनगटावर लावून देतो. आवडलं तर घ्या, नाही तर मागच्या वर्षीचं शिल्लक आहे ते बघा. भाव वेगळा, वासही वेगळा, आणि हे आम्ही तोंडावर सांगतो.

ज्या दिवशी अत्तरवाला म्हणेल की माझा गुलाब दहा वर्षं एकसारखा आहे, त्या दिवशी समजा की त्यात गुलाब नाही.

बुधवारपेठी

भेंडीबाजारवाले, हेच तर मला हवंय. कंपनीनं सरळ सांगावं की या वर्षी धूर कमी आहे, फळ जास्त आहे. मी दोन्ही घेईन. पैसे एवढे मोजतो तर एवढं सांगायला काय हरकत आहे? २०२३ मध्ये तर क्रीड केरिंग या मोठ्या समूहानं घेतलं, चार ओळी छापणं अवघड नाही.

नवखा_परभणी

सगळं वाचून भारी वाटलं, पण मी अजून पहिली महाग बाटली घ्यायच्या तयारीत आहे. मला सांगा, कोड बघायचा की नाही? एका वेबसाइटवर कोड टाकला की उत्पादनाची तारीख दाखवतात. ते खरं धरायचं का? मागे एका ऑनलाइन विक्रेत्याकडून घेतलेली बाटली नकली निघाली, तिच्यावर तर कोडही बरोबर होता.

दरवळ

नवखा, बरोबर कोड असलेली नकली बाटली हेच या कोडपूजेचं सगळ्यात वाईट फळ आहे. नकली बनवणारा एक खरा कोड उचलतो आणि हजारो बॉक्सवर छापतो. तोही नेमका प्रसिद्ध कोड निवडतो, कारण लोक त्याच्यासाठी जास्त पैसे देतात. तेव्हा कोड बरोबर आहे म्हणून माल खरा, असं कधीही धरू नका. बॉक्सवरचा आणि बाटलीवरचा कोड जुळत नसेल तर मात्र सावध व्हा. जुळला म्हणून निश्चिंत होऊ नका.

कोडवरून तारीख काढणाऱ्या वेबसाइट स्वतः अंदाज बांधतात. कंपनीनं पद्धत बदलली की त्या चुकतात.

भारतात अधिकृत मार्गानं आलेल्या बाटलीवर आयातदाराचं नाव-पत्ता, आयात नोंदणी क्रमांक आणि एमआरपी असलेला स्टिकर असतो. तो नसेल तर दुकानदाराला विचारा आणि पक्कं बिल मागा. बिल देत नसेल तर भाव कितीही चांगला असला तरी निघून या.

आणि कृती बदलली का हे बघायचं असेल तर बॅच कोडपेक्षा बॉक्सवरची घटकांची यादी जास्त बोलते. यादीत ब्यूटाइलफिनाइल मिथाइलप्रोपिओनल दिसलं तर ते लिलिअल, म्हणजे तो बॉक्स युरोपातल्या बंदीआधीच्या कृतीचा. काही घराणी यादीच्या शेवटी कृतीचा क्रमांकही छापतात. लोरेआल समूहाच्या परफ्यूमवर, म्हणजे अरमानी, इव्ह सँ लोराँ, लाँकोम यांच्यावर, यादीच्या शेवटी 'एफ.आय.एल.' लिहून क्रमांक असतो. दोन बॉक्सवर तो क्रमांक वेगळा असेल तर यादीत बदल झाला हे नक्की. आता युरोपात यादीवर नाव घेऊन सांगायच्या ॲलर्जीकारक घटकांची संख्या २६ वरून ८० च्या वर गेली आहे. त्यामुळे येत्या काळात याद्या लांबतील. नुसती यादी लांबली म्हणजे वास बदलला असं मात्र नाही, कारण आधीपासून असलेल्या घटकांचीच नावं आता छापावी लागणार आहेत.

रसशाळा

दरवळ यांनी यादीचं सांगितलं ते उत्तम.

बुधवारपेठी, हजारो लोकांना एकाच वेळी भास होतो का, हा तुमचा प्रश्न राहिला होता. फरक आहे हे मी वर मान्य केलंच. पण हजारो लोक एकमेकांना न भेटता बोलत नाहीत, ते एकमेकांचं वाचून बोलतात. २००१ मध्ये रेचेल हर्झ आणि ज्युलिया फॉन क्लेफ यांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. आयसोव्हॅलेरिक आणि ब्यूटिरिक आम्लाचं मिश्रण लोकांना हुंगायला दिलं. एकदा सांगितलं परमेझान चीज, एकदा सांगितलं उलटी. कुपीतलं मिश्रण एकच असताना लोकांची आवड-नावड पार बदलली. नावानं वास एवढा फिरत असेल तर '११झेड०१' असं लिहिलेल्या बाटलीत शेकोटी सापडणं अजिबात अवघड नाही. त्यात काही मस्क काही लोकांना जन्मतःच येत नाहीत. म्हणजे 'नवीत मस्क जास्त' हे एकाला ढळढळीत दिसतं आणि शेजारच्याला काहीच दिसत नाही, आणि दोघंही खरंच बोलत असतात.

म्हणून माझी सूचना, भांडण बाजूला ठेवून तपासूनच बघा. आम्ही कामावर त्रिकोणी चाचणी करतो. तीन पट्ट्या, दोन एका बाटलीच्या, एक दुसरीची. वेगळी कुठली ते ओळखायचं. नुसत्या अंदाजानं बरोबर यायची शक्यता तिनात एक. अशा सहा फेऱ्या करायच्या. सहापैकी पाच किंवा सहा बरोबर आल्या तर तो योगायोग असण्याची शक्यता शंभरात दोनपेक्षा कमी.

मात्र एक लक्षात घ्या. तुम्ही सहाच्या सहा ओळखल्या तरी सिद्ध होईल ते एवढंच, की तुमच्या घरातल्या या दोन बाटल्या आज वेगळ्या आहेत. हंगामामुळे, कृतीमुळे की दहा वर्षं कपाटात राहिल्यामुळे, ते या चाचणीतून निघणार नाही. कपाटातला वाटा काढायचा तर एकाच वयाच्या, एकत्र ठेवलेल्या, पण वेगळ्या कोडच्या दोन बाटल्या लागतील.

बुधवारपेठी

मान्य. करू या. आणि एकाच वर्षाच्या दोन कोडच्या बाटल्याही आहेत एका मित्राकडे, एकाच दिवशी घेतलेल्या, त्याच ड्रॉवरमध्ये. त्या खऱ्या परीक्षेच्या. निशिगंधाताई, तुम्ही पंच व्हाल का? तुमचं नाक आमच्यापेक्षा तटस्थ आहे.

निशिगंधा

आनंदानं. पण पंचानं नेमकं काय करायचं ते लिहा कुणीतरी. आईची बाटली पण आणू का?

सेनकाठी

मी इकडे आहे म्हणून येता येणार नाही, निकाल मात्र इथेच टाका, फेरीनिहाय. कुणी किती ओळखल्या हे नुसतं 'बहुतेक' म्हणून लिहू नका.

रसशाळा

निशिगंधाताई, आईची बाटली नक्की आणा, पण चाचणीत नको. तिची सुरुवात वाया जाऊ देऊ नका, शेवटी सगळे मिळून शांतपणे हुंगू.

पंचाचं काम: चाचणीच्या आदल्या रात्री सगळ्या बाटल्या एकाच खोलीत ठेवा, एक थंड आणि एक गरम असेल तर पहिली काही मिनिटं तापमानाचाच फरक हुंगला जातो. या बाटल्यांचे स्प्रे पक्के बसवलेले असतात, निघत नाहीत, त्यामुळे पट्टी बुडवता येणार नाही. आणि थेट पट्टीवर स्प्रे केलं तर प्रत्येक पट्टीवर माल कमीजास्त पडतो. म्हणून आधी प्रत्येक बाटलीतून छोट्या काचेच्या कुपीत स्प्रे करून घ्या, झाकण घट्ट लावा, पट्ट्या त्या कुपीत सारख्या खोलीपर्यंत बुडवा. जुन्या मालाचा रंग गडद असतो, तेव्हा पट्टीवर डाग दिसू नये म्हणून खोलीत दिवा मंद ठेवा किंवा हुंगणाऱ्यांना डोळे मिटायला सांगा. त्या दिवशी कुणीही परफ्यूम लावून येऊ नका, कांदा-लसणाचं जेवण आधी नको. प्रत्येक फेरीनंतर पाच मिनिटं बाहेर गॅलरीत जा. कॉफीच्या बिया हुंगण्याची गरज नाही, साधी हवा पुरते.

पट्ट्या मी आणतो. कुप्यांवर फक्त आकडे लिहा. कुठला आकडा कुठल्या बाटलीचा हे सगळ्या फेऱ्या होईपर्यंत तुमच्याकडेच राहू द्या, मलाही सांगू नका.